कौसाबाईंची चीज बिस्किटं

कुणाबद्दल लिहायचं झालं की मी आधी मुद्दे काढते. नाव, गाव, स्वभाव, सवयी, प्रसंग. शाळेच्या कार्यालयात निम्मं आयुष्य गेल्यावर डोकं असंच चालतं. कौसाबाईंसाठीही मुद्दे काढायला बसले, पण प्रत्येक मुद्द्यापुढे दोन गोष्टी लिहाव्या लागल्या आणि त्या दोघींचं आपसात पटेना. चीज: वास सहन होत नाही, तरी सारखं आणतात. स्वयंपाक: हात उत्तम, स्वतः चाखत नाहीत. नवरा: दिवसभर भांडण, तो जेवल्याशिवाय घास घेत नाहीत. शेवटी कागद बाजूला सारला. आता जसं आठवेल तसं लिहिते.

त्या आमच्या शेजारी राहायच्या, भिंतीला भिंत लागून. चंद्रपुरात जटपुरा गेटच्या आतली आमची गल्ली इतकी अरुंद आहे की एका घरात मिरचीची फोडणी पडली की तीन घरांत ठसका लागतो. मारोतराव, त्यांचे यजमान, कोळशाच्या खाणीतून निवृत्त झालेले. मूलबाळ नाही. कौसाबाईंचं माहेर आरमोरीकडचं, तलावावर मासेमारी करणाऱ्या घरातलं. त्यामुळे दोन गोष्टी त्यांना जन्मापासून मिळालेल्या होत्या, एक नाक आणि दुसरा अंगठा.

मासोळी घ्यायची तर आधी हुंगायची आणि मग अंगठ्याने दाबायची. दाबलेला खड्डा भरून आला तर ताजी, नाही आला तर पुढे चला. ही रीत त्यांनी मासोळीपुरती ठेवली नव्हती. टमाटे, पाव, दुकानातली नवी गादी, सगळ्यांवर अंगठा. एकदा आमच्या सासूबाईंच्या पायावर त्यांनी सहज अंगठा दाबला आणि म्हणाल्या, "ओ मॅडम, खड्डा भरून नाई राह्यला. डॉक्टरले दाखवा." दाखवलं. अंगात पाणी साचलं होतं. सासूबाई बऱ्या झाल्या, पण आपल्याला मासोळीसारखं तपासलं याचा राग त्यांनी पुढे कितीतरी दिवस धरला.

मला त्या मॅडम म्हणायच्या आणि रागावल्या की 'यादीवाल्या बाई'.

त्या उन्हाळ्यात एका दुपारी त्या दारात उभ्या राहिल्या. एका हाताने पदर नाकाला लावलेला, दुसरा हात शक्य तितका लांब, आणि त्या लांब हातात चीजची डबी.

"ओ मॅडम, हे कुठी घालतेत?"

"काय करायचंय?"

"बिस्किट."

"चीजचं?"

"हाव. नागपूरले हॉटेलात यायनं खाल्लं. दोन होते, दोन्ही खाल्ले! होळीपासून पयल्यांदा काही साबूत खाल्लं ह्या माणसानं."

यातलं होळीपासूनचं मला माहीत होतं. मारोतरावांच्या घशात गाठ निघाली होती. नागपूरला रेडिएशनचे शेक दिले, गाठ बसली, पण तोंडाची चव गेली. भात म्हणू नका, वरण म्हणू नका, सगळं दूर सारायचे. आवाजही गेला होता, कुजबुजीइतकाच उरला होता. अंगावरचे सदरे दुसऱ्या कुणाचे घातल्यासारखे दिसायला लागले होते. उपचार अजून संपलेले नव्हते आणि डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं होतं की वजन आणखी घटलं तर पुढचे शेक देता येणार नाहीत. काय खायचं ते खाऊ द्या, पण खाऊ द्या. आणि तपासणीहून परतताना, बसला वेळ होता म्हणून दवाखान्याजवळच्या एका हॉटेलात चहाला बसले, तर वेटरने चहासोबत ही बिस्किटं आणली, आणि ती मारोतरावांनी खाल्ली.

म्हणजे काम सरळ होतं. तीच बिस्किटं घरी करायची. मी कागद घेतला.

"कशी होती?"

"गोल. मऊ. म्हंजे वरून जराशी कडक. गरम. लसणाचा वास येत होता. वरतं लोणी चोपडलं होतं अन् सांबार होता." आमच्याकडे कोथिंबिरीला सांबारच म्हणतात. "नाईतर पालक असंल."

"खारट?"

"त्यायले पुसा."

मी विचारायला गेले. मारोतराव कूलरसमोर खाटेवर बसले होते. म्हणाले, "चांगलं होतं."

"भाऊ, खारट होतं का?"

"असंल."

मी कागदावर 'खारट' लिहिलं आणि पुढे प्रश्नचिन्ह काढलं.

फोनवर शोधल्यावर थोडा उजेड पडला. ही आपली चहातली बिस्किटं नव्हेत. मोठ्या हॉटेलांत जेवणाआधी गरम गरम आणून ठेवतात, लहानशा पावासारखी, ओबडधोबड. मैदा, बेकिंग पावडर, मीठ. त्यात थंड लोण्याचे तुकडे बोटांच्या टोकांनी रवाळ होईपर्यंत चोळायचे. किसलेलं चीज, ठेचलेला लसूण. थंड ताकाने सैलसर भिजवायचं, मळायचं नाही. चमच्याने गोळे सोडायचे, कडक तापलेल्या ओव्हनमध्ये भाजायचे आणि काढल्याबरोबर वरून लसूण-लोणी लावायचं. सगळी गंमत लोणी थंड असण्यात. ते ओव्हनच्या आत जाऊन वितळलं तर बिस्किट फुलतं आणि बाहेरच वितळलं तर बसतं.

चंद्रपूरचा मे महिना. फ्रीजमधून ओट्यापर्यंत येता येता लोण्याचं तेल होतं. म्हणून आम्ही पहाट धरली. ओव्हन माझ्याकडे होता, केकच्या उत्साहात घेतलेला आणि नंतर वर्षानुवर्षं पापड ठेवायला वापरलेला. मैदा, परात, चमचा, सगळं मी रात्रीच फ्रीजमध्ये ठेवायचे. कौसाबाई उजाडायच्या आत आंघोळ करून यायच्या.

मी वाट्या-चमचे मांडले की त्या हसायच्या. "एवढं मोजून तं खाणीत कोळसाबी काढत नाईत." आणि मूठ घालून पीठ काढायच्या. चीज किसताना पदर नाकावर घट्ट. "शिळ्या मासोळीवाणी येते ओ! हे तं फेकाचं असते. लोक पैसे देऊन घेतेत, काऊन?"

पहिला घाणा सपाट झाला, धिरड्यासारखा. दुसरा वीट झाला. माझं माप कुठे चुकलं म्हणून मी दोनदा कागद तपासला. मग कळलं की अर्धा मैदा काढून कौसाबाईंनी मला न सांगता तांदळाचं पीठ घातलं होतं.

"मैद्यानं आतडी चिपकते," त्या म्हणाल्या. "निवडणुकीचे पोस्टर चिपकवतेत त्यानं. घशातून शेक घेतलेल्या माणसाले ते द्याचं?"

"मग नागपूरचं कशाचं होतं?"

"ते नागपूर आहे."

पण तिसऱ्या वेळी मी समोर उभी राहून मैदाच घालायला लावला, आणि ती बिस्किटं खरोखर जमली. वर सोनेरी, आत मऊ, वास घरभर. कौसाबाईंनी एकावर अंगठा दाबला. खड्डा सावकाश भरून आला. "ताजी आहे," त्या म्हणाल्या.

"चाखा ना."

"मी? मले वकारी येईल. तुमी चाखा."

मी चाखलं. छान होतं. ताटलीत घालून आम्ही दोघी मारोतरावांपुढे गेलो. त्यांनी एक उचललं, फिरवून पाहिलं, मोडलं, तुकडा तोंडात ठेवला आणि डोळे मिटून चावत राहिले.

"चांगलं आहे," ते म्हणाले. "पण ते नाई."

"ते नाई म्हंजे?" कौसाबाईंचा आवाज गल्लीच्या टोकापर्यंत गेला असेल. "काय कमी आहे ते सांगा ना! आता काय त्यात ताडोब्याचा वाघ घालू?"

"काय मालूम."

"काय मालूम म्हंजे काय? खाल्लं कोणं? मी खाल्लं का?"

मी चमकले. "कौसाबाई, तुम्ही नव्हतं खाल्लं?"

"दोनच तं होते."

"अजून मागवायची."

"मले वास येत होता ना. अन् माह्या डब्यात भाकर होती." त्यांनी ताटली उचलली. "उद्या लसूण वाढवू."

मी घरी येऊन खुर्चीवर बसले आणि परिस्थिती कागदावर मांडली. ज्यांनी ते बिस्किट खाल्लं, त्यांना सांगता येत नाही. ज्या करतात, त्या चाखत नाहीत. जी चाखते, तिने मूळ बिस्किट कधी पाहिलेलंसुद्धा नाही. अशा तिघांनी मिळून एक पदार्थ ओळखायचा होता. कार्यालयात असं प्रकरण आलं असतं तर मी शेरा मारून परत पाठवलं असतं.

पण इथे परत पाठवायची सोय नव्हती. मारोतराव एकेक घाण्यातलं अर्धं-पाऊण खायचे, हळूच 'ते नाई' म्हणायचे, आणि उरलेलं तसंच राहायचं. ते अर्धं-पाऊण हाच त्यांचा त्या दिवसांतला खरा आहार होता. म्हणून दुसऱ्या पहाटे परत दारावर थाप. लसूण वाढवला. ओवा घातला. हिरवी मिरची घातली, काळी मिरी घातली. एकदा तर कौसाबाईंनी सुके झिंगे भाजून, कुटून घातले.

"हे कशासाठी?"

"त्या हॉटेलात मासे होते ना. त्याचा वास त्यायच्या ध्यानात असंल."

खरं सांगायचं तर झिंग्यांची मला सगळ्यांत जास्त आवडली. मी तीन खाल्ली. मारोतराव म्हणाले, ते नाई.

हॉटेलात मासे होते हे मला नवीन होतं. आणि त्याच आठवड्यात मला शाळेच्या कामाने नागपूरला जायचं होतं. मी ठरवलं, हॉटेल शोधायचं आणि प्रकरण निकाली काढायचं.

"हॉटेलचं नाव काय?"

"नाव कोणं वाचलं? काचेत मासे ठेवले होते. लाल, पिवळे. मी त्या वेटरले पुसलं, हे कधी कापता? तं हसला. म्हणे, मौशी, हे खायचे नाई, पाह्याचे. पाह्याचे मासे!" हा प्रसंग त्यांना बिस्किटापेक्षा स्पष्ट आठवत होता. "मी म्हटलं, मंग त्यायले कशाले खाऊ घालता?"

नागपूरला माझं काम दुपारी आटोपलं. दवाखान्याच्या आसपास काचेत मासे ठेवलेली हॉटेलं एक नव्हे, दोन निघाली. पहिल्यातल्या मुलाने सांगितलं की आमच्याकडे असं बिस्किट कधीच नव्हतं, गार्लिक ब्रेड घ्या. दुसऱ्यातले मॅनेजर म्हणाले, होतं काहीतरी, पण तो कुक गाँव चला गया. 'काहीतरी' म्हणजे काय, तर म्हणे, "मैडम, वो उसके हाथ का था." मी पहिल्या हॉटेलातला गार्लिक ब्रेड नमुना म्हणून बांधून घेतला.

मारोतरावांनी तो पाहिला. "हे तं पाव आहे."

कौसाबाईंनी माझ्याकडे अशा नजरेने पाहिलं की एवढी शिकलेली बाई, नागपूरपर्यंत गेली आणि पाव घेऊन आली.

पावसाळ्याआधी आमच्याकडे तारांच्या दुरुस्तीसाठी वीज जाते. एका सकाळी कौसाबाईंनी पीठ भिजवलं आणि वीज गेली. ती संध्याकाळशिवाय येणार नव्हती. भिजवलेलं पीठ ठेवता येत नाही. मी म्हटलं, टाकून देऊ.

"टाकून काऊन देता? सलीमभाऊची भट्टी कशाले आहे?"

दिवाळीच्या आधी आमच्या भागातल्या बायका घरचा मैदा, रवा, तूप, साखर घेऊन सलीमभाऊंच्या बेकरीत जातात. ते तिथेच मळून देतात, साचे मारून भट्टीत घालतात आणि बायका बाकावर बसून, आपल्या पत्र्यावर नजर ठेवून, दुसरीचं तूप आपल्यात येत नाही ना हे बघत, डबे भरून बिस्किटं घरी आणतात. ही दिवाळीची गोष्ट. उन्हाळ्यात कुणी जात नाही. आम्ही गेलो, ओल्या फडक्याखाली परात धरून.

"ये क्या लाया बाई?" सलीमभाऊ म्हणाले. "इतकं पातळ?"

मी नीट समजावलं. मळायचं नाही, चमच्याने सोडायचं, भट्टी तापलेली हवी, वर रंग आला की लगेच काढायचं, आतून मऊ राहिलं पाहिजे. त्यांनी मान हलवली. कौसाबाई बाकावर बसल्या आणि मी शाळेत गेले.

संध्याकाळी परत आले तर कौसाबाई आपल्या उंबऱ्यावर बसलेल्या. मांडीवर डबा, झाकण बंद.

"मॅडम, लाकूड झालं."

त्यांनी एक बिस्किट काढून फरशीवर आपटलं. टक्क असा आवाज आला. ते फुटलं नाही.

झालं असं होतं की मधेच त्या मारोतरावांना औषध द्यायला घरी येऊन गेल्या. तेवढ्यात सलीमभाऊंनी बिस्किटं काढली, हाताने दाबली, तर मऊ. त्यांच्या लेखी मऊ बिस्किट म्हणजे कच्चं बिस्किट. गिऱ्हाइकाला कच्चा माल द्यायचा नाही म्हणून त्यांनी सगळी परत आत ढकलली, निवत्या भट्टीत, टोस्ट वाळवतात तशी, पार खडखडीत होईपर्यंत.

"मी गेली तं मलेच झापते तो!" कौसाबाई सांगत होत्या. "म्हणे, बाई, दिवाळीले कधी तुमाले कच्चं दिलं काय? मेरे भट्टी से कच्चा माल बाहर नहीं जाता. म्हणे, याद ठेवा, वाचवले तुमचे बिस्किट. वाचवले! हे दातानं नाई, कुऱ्हाडीनं खाचे." त्यांचे डोळे भरले होते. तपासणी जवळ आली होती. त्या दिवशी सकाळपासून मारोतरावांनी काहीच घेतलं नव्हतं आणि घरातलं चीज संपलं होतं.

आतून कुजबूज आली. "चहा टाक."

कौसाबाईंनी चहा टाकला. मारोतरावांनी हात पुढे करून डबा मागून घेतला. एक बिस्किट त्यांनी दोन्ही हातांनी मोडलं, कट्ट वाजलं. तुकडा चहात बुडवला, थांबले, आणि खाल्ला. मग दुसरा. मग उरलेलं. चीजचं, लसणाचं बिस्किट गोड चहात.

"हेच," ते म्हणाले.

त्यांनी बोटांना लागलेला चुरा चहात झटकला.

"हेच होतं नागपूरले."

"हे?" कौसाबाई म्हणाल्या. "हे लाकूड?"

"हाव."

"तिथं तं मऊ होतं ओ!"

"तू खाल्लं का?"

आणि त्यांनी दुसरं उचललं. कौसाबाईंनी माझ्याकडे पाहिलं. मी काय सांगणार? माझ्या कागदावर पहिल्याच ओळीत 'मऊ' लिहिलेलं होतं, त्यांच्याच तोंडून ऐकून. दुसरं बिस्किट संपेपर्यंत त्या तिथेच उभ्या राहिल्या, मग आत गेल्या. टोपल्यावरचं झाकण निघाल्याचा, ताटाचा, पाण्याच्या गडव्याचा आवाज आला. त्या जेवायला बसल्या होत्या.

तिथून पुढे दर आठवड्याला सलीमभाऊंची भट्टी. मी कागदावरचं सगळं खोडून एकच ओळ लिहिली: 'दोनदा भाजणे.' सलीमभाऊ येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगायचे, नागपूरच्या बड्या हॉटेलचं बिस्किट आहे, माझ्याकडेच जमतं. मारोतराव सकाळ-संध्याकाळ ती चहात बुडवून खायचे, आणि एकदा खाणं सुरू झालं तसा पेजेचा वाडगाही संपायला लागला. वजन घसरायचं थांबलं. पुढचे शेक ठरल्याप्रमाणे झाले. कौसाबाई नाक दाबून चीज किसत राहिल्या आणि गल्लीत त्यांचं भांडण नेहमीसारखं ऐकू येत राहिलं.

मला मात्र ते 'हेच' पचलं नव्हतं. हिशेब जुळेना की मला झोप लागत नाही. श्रावणात एकदा कौसाबाई बाजारात गेलेल्या असताना मारोतराव दाराबाहेरच्या ओट्यावर बसलेले दिसले. मी विचारलंच.

"भाऊ, खरं सांगा. तेच होतं का?"

कौसाबाई येत नाहीत ना, ते त्यांनी आधी रस्त्यावर पाहिलं. मग कुजबुजले. मला वाकून ऐकावं लागलं.

"मले चव कुठी समजते ओ? बिस्किट अन् माती, सारखीच लागते. नागपूरलेबी तसंच होतं."

"मग तिथे दोन खाल्ली कशी?"

"ती पहाटपासून उपाशी होती. माह्या पोटात काही गेल्याबिगर डबा खोलत नाई ती. चालता चालता तिले अंधारी येत होती. समोर जे आलं, ते खाल्लं."

मग मला पुढचा प्रश्न सुचला, आणि तो अजूनही मला बरोबर वाटतो. "मग पहिल्याच दिवशी 'हेच' का नाही म्हणालात? आम्ही किती पहाटे उठलो!"

ते हसायला लागले. आवाज न होता, खांदे हलत होते. ठसका लागला, मी पाणी आणून दिलं.

"होळीपासून घरात बोलत नव्हती ती," ते म्हणाले. "निस्ती पाहत राहे माह्याकडं. मंग तुमच्या घरून पहाटे तिचा आवाज येऊ लागला. भांडाचा." थोडं पाणी प्यायले. "अन् ते खरंच ते नव्हतं."

"पण भाऊ, चवच समजत नव्हती तर ते नव्हतं हे कसं समजलं?"

"तिले सांगू नका," एवढंच म्हणाले.

मी सांगितलं नाही. यात सांगण्यासारखं नक्की काय आहे हेच मला ठरवता आलेलं नाही. त्यांनी तिच्यासाठी 'हेच' म्हटलं, की खरंच त्या लाकडात त्यांना काही सापडलं होतं? दोन्ही शक्यता मी लिहून पाहिल्या. दोन्ही पटतात आणि दोन्ही कुठेतरी अडतात.

पुढच्या थंडीत मारोतराव गेले. गाठीने नाही, हृदयाने, दुपारच्या झोपेतच. त्या सकाळचं बिस्किट त्यांनी खाल्लं होतं. हे कौसाबाई येणाऱ्या प्रत्येकाला सांगायच्या, आधी तेच सांगायच्या.

तेरवी झाल्यावर त्यांच्या भावाने आरमोरीला बोलावलं. त्या एवढ्यात परतणार नाहीत हे सामान पाहूनच कळत होतं. जायच्या दिवशी मी पहाटे उठले. थंडीचे दिवस, लोणी आपोआप थंड राहत होतं. कुणाची लुडबुड नव्हती, त्यामुळे सगळं मापात झालं. मैदा मैदाच राहिला. बिस्किटं फुलली, वर सोनेरी, आत मऊ, लसूण-लोणी लावून गरम गरम डब्यात भरली. नागपूरला असतील तर ती अशीच असणार, याबद्दल माझी खात्री होती. त्या चीज खात नाहीत हे मला माहीत होतं. तरी का केली, ते सांगता येणार नाही.

बसस्टँडवर गडचिरोलीवरून आरमोरीला जाणारी गाडी लागली होती. कौसाबाईंना खिडकी मिळाली होती. मी डबा आत दिला. त्यांनी झाकण उघडलं. नाकाला पदर लावला नाही. एक बिस्किट हातात घेतलं, अंगठ्याने दाबलं आणि खड्डा भरून येईपर्यंत पाहत राहिल्या.

"नागपूरवालं असंच होतं काय ओ?"

"मला काय माहीत कौसाबाई. मी कुठे खाल्लं?"

"हाव. आपल्या दोघीयनंबी नाई खाल्लं."

कंडक्टरने घंटी दिली. गाडी सुरू झाली, पण पुढे एक ऑटो आडवा आला म्हणून तिथेच घरघरत राहिली. कौसाबाईंनी हातातलं बिस्किट खिडकीतून माझ्यापुढे धरलं.

"खा."

"मी घरी खाल्लंय. तुमच्यासाठी आहे ते."

"खा ना बाप्पा. तुमी पयले खा."

मी एक तुकडा मोडून तोंडात टाकला. त्या माझ्याकडे पाहत राहिल्या, चावून होईपर्यंत, गिळेपर्यंत. मग उरलेल्यातलं अर्धं त्यांनी स्वतःच्या तोंडात घातला. चेहरा आक्रसला. चावत राहिल्या.

"कच्चं राह्यलं ओ," त्या म्हणाल्या आणि हातात उरलेलं तेही तोंडात टाकलं.

ऑटो बाजूला झाला. गाडी फाटकाकडे वळली. खिडकीत मला त्यांची हनुवटी हलताना दिसत होती आणि हात परत डब्यात गेलेला.